मोहाचं झाड, चार खाती आणि एक सहकारी संस्था

सहकारी संस्थेचा इतिहास लिहायला सांगितलं की लेखक आधी नोंदणीची तारीख शोधतो, मग अध्यक्षांची नावं, मग इमारतीचं उद्घाटन. गिरिजन सहकारी महामंडळाच्या तेलंगणातल्या आदिलाबाद जिल्ह्यातल्या उटनूर भागातल्या कामाबद्दल या स्मरणिकेत तसं लिहिता आलं असतं, पण ते वाचणार कोण? या संस्थेच्या काट्यावर गेल्या काही दशकांत डिंक चढला, चिंच चढली, मध, चारोळी, हिरडा, बिब्बा चढला. त्या सगळ्या मालाबद्दल सरकार आणि तो वेचणारे इथले गोंड आदिवासी यांच्यात जो वाद झाला तो भावाचा. मोहफुलाची गोष्ट वेगळी होती. ही वस्तू मुळात आहे तरी काय, यावरच दोघांचं कधी एकमत झालं नाही. उटनूरच्या सहकाराचा इतिहास मला त्या वादाच्या अंगाने सांगावासा वाटतो.

माणसाचं चित्त पालटणारी, ऐकणारी, रुसणारी झाडं हल्ली काल्पनिक जगांच्या कादंबऱ्यांत आणि मुलांच्या मोबाइलवरच्या खेळांत भेटतात. उटनूर, इंद्रवेल्ली, नारनूर, जैनूरकडे ती शेताच्या बांधावर उभी आहेत आणि त्यांच्या फुलाला सरकारी भाव आहे.

मोह हा चिकूच्या कुळातला वृक्ष. होळीच्या आसपास त्याची पानं झडतात आणि उघड्या फांद्यांच्या टोकांना कळ्यांचे झुबके लागतात. फूल रात्री उमलतं. वटवाघळं येतात, गरदार पाकळ्या चोखतात आणि जाताजाता परागीभवनाचं काम करून जातात. पहाटेपासून फुलं टपटप गळू लागतात. पिवळसर पांढरी, रसाने फुगलेली, घमघमणारी. बायका-पोरं अंधारातच टोपल्या घेऊन निघतात, कारण ऊन चढलं की अर्धी फुलं गुरं आणि हरणं खातात आणि अस्वलाची तर ही लाडकी जागा. चार-पाच दिवस उन्हात पसरली की फुलं तांबूस तपकिरी होतात, मनुकांसारखी आकसतात. वाळलेल्या फुलाच्या वजनात निम्म्याहून बरीच जास्त साखरच असते. एवढी साखर ज्या फुलात आहे ते पाण्यात भिजत घातलं की काही दिवसांत आपोआप फसफसतं. फसफसलेलं पाणी मडक्यात घालून, वर दुसरं मडकं ठेवून, चुलीवर चढवलं की धार सुरू होते. पहिल्या धारेची कुणाला द्यायची आणि कुणाला नाही, याचे गावोगाव संकेत आहेत.

म्हणजे शहाणपणा-वेडेपणा जो काही आहे तो फुलात नसतो, साखरेवर जगणाऱ्या यीस्टमध्ये असतो, असं विज्ञान सांगतं. ते खरंच आहे. पण मध्य भारतातल्या गोंडांत आणि त्यांच्या शेजाऱ्यांत सांगितली जाणारी गोष्टही ऐकण्यासारखी आहे. जंगलात एका मोहाच्या बुंध्याशी खळग्यात पावसाचं पाणी साचलं होतं, त्यात फुलं पडून कुजली. पाखरं ते पाणी प्यायली आणि डोलू लागली. माणसाने पाहिलं, तोही प्यायला. पहिल्या ओंजळीला तो पोपटासारखा गोड बडबडू लागला, पुढच्या ओंजळींना वाघासारखा गुरगुरू लागला आणि शेवटी डुकरासारखा चिखलात लोळला. गोष्टीचे तपशील गावागणिक बदलतात, प्राण्यांचा क्रम मात्र सहसा बदलत नाही. दारूबंदीच्या सरकारी भित्तिपत्रकांपेक्षा ही गोष्ट मला जास्त प्रामाणिक वाटते, कारण ती पोपट लपवत नाही आणि डुक्करही लपवत नाही. ओडिशाच्या केओंझर जिल्ह्यात 2022 च्या नोव्हेंबरात मोहफुलं आंबत घातलेल्या मडक्यांजवळ 24 हत्ती गाढ झोपलेले सापडल्याची बातमी आली होती. ते प्यायले म्हणून झोपले की नुसतेच झोपले, यावर वनाधिकारी आणि गावकरी यांचं एकमत झालं नाही.

आदिलाबादच्या राजगोंडांत घराणी चार सगांत, म्हणजे कुळांच्या चार गटांत, विभागलेली आहेत: सात देवांचा, सहा देवांचा, पाच देवांचा आणि चार देवांचा सगा. प्रत्येक कुळाचा आपला पेर्सापेन, म्हणजे कुळदेव. त्याच्या पूजेत, लग्नात, मयतात, पूर्वजांच्या नावाने काही करायचं झालं तर मोहाची धार आधी जमिनीवर सोडायची, मग माणसांनी घ्यायची. हंगामातलं नवं फूल देवाला दाखवल्याशिवाय तोंडात घालायचं नाही. झाड तोडायचं तर त्याला विचारून. गोंडांचे भाट असलेले प्रधान लोक किंगरी या तंतुवाद्यावर कुळांच्या कथा गातात, त्यांत झाडं, नद्या, डोंगर ही माणसांशी नातं असलेली मंडळी असतात, नुसता देखावा नव्हे. याला कुणी अंधश्रद्धा म्हणेल. मी एवढंच म्हणेन की ज्याला तुम्ही नातेवाईक मानता त्याच्या फुलाचा हिशेब किलोत करताना तुमच्या हाताला थोडा वेळ लागतो. खरेदी केंद्रावरचा कारकून आणि टोपली घेऊन आलेली बाई यांच्यातल्या पुष्कळशा गैरसमजांचं मूळ त्या वेळेत आहे.

सरकारचं पहिलं खातं आलं ते आबकारीचं. हैदराबाद संस्थानात गावठी दारू मोहफुलांचीच बने आणि त्यावरचा कर हे निजामाच्या तिजोरीचं मोठं उत्पन्न होतं. फसली 1316 च्या, म्हणजे इसवी 1906-07 च्या सुमाराच्या, आबकारी कायद्याने दारू गाळण्याचा आणि विकण्याचा हक्क सरकारचा झाला आणि तो गुत्तेदारांकडे गेला. शेजारच्या ब्रिटिश मुलखात याहून कडक प्रकार चालू होते. मुंबई इलाख्यात 1878 चा आबकारी कायदा आला आणि त्यानंतर 1892 मध्ये खास मोहफुलांसाठी कायदा झाला. ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांत दारूच नव्हे, फूल जवळ बाळगण्यावरच बंधनं आली. ज्या लोकांच्या पावसाळ्यातल्या जेवणात वाळलेली मोहफुलं असत त्यांच्या घरातल्या अन्नाच्या कणगीवर पोलिसाचा हात पडला. आणि त्याच सरकारला गरज पडली तेव्हा हेच फूल कामाला आलं. पहिल्या महायुद्धात बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतले गिल्बर्ट फाउलर यांनी मोहफुलं आंबवून ॲसिटोन काढण्याचं काम केलं, त्यासाठी नाशिकला कारखाना उभा राहिला. ॲसिटोन लागत होतं तोफगोळ्यांच्या कॉर्डाइटला.

दुसरं खातं जंगलाचं. राखीव जंगलांच्या सीमा आखल्या गेल्या तेव्हा मोहाची झाडं आत गेली आणि ती झाडं ज्यांची होती ती माणसं बाहेर राहिली. जमीन, चराई, लाकूडफाटा, प्रत्येक गोष्टीवर चौकीदाराचा दंड. कुमराम भीम यांचा लढा यातूनच उभा राहिला आणि 1940 मध्ये जोडेघाटला निजामाच्या पोलिसांच्या गोळीबारात ते मारले गेले. त्यानंतर निजाम सरकारने व्हिएन्नाचे मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हाइमेनडॉर्फ यांना हा प्रदेश अभ्यासायला पाठवलं. ते पत्नी बेट्टी यांच्यासह मार्लवाईला झोपडी बांधून राहिले. 1943 मध्ये मार्लवाईतच गोंड शिक्षक तयार करण्याचं केंद्र निघालं आणि गोंडीची वाचनपुस्तकं देवनागरी लिपीत छापली गेली. इथल्या ज्या थोड्या गोंडांना तेव्हा अक्षरओळख होती ती मराठीतून झालेली होती, म्हणून हा निर्णय. केसलापूरच्या नागोबा जत्रेत अधिकाऱ्यांनी बसून गोंडांच्या तक्रारी ऐकायच्या, हा दरबारही त्याच दशकातला. पुष्य अमावास्येला मेश्राम कुळाचे लोक जन्नारमजवळून गोदावरीचं पाणी पायी घेऊन येतात, नागोबाला अभिषेक होतो, आणि मग दरबार भरतो. जमिनीचे पट्टे, रस्ते, शाळा आणि रानमालाचा भाव, दरबारात जे विषय येत राहिले त्यांत फारसा फरक पडलेला नाही.

बाजारात काय चालत होतं? आठवडी बाजाराला गोंड बाई टोपलीभर मोहफुलं घेऊन जाई आणि मीठ, मिरची, तंबाखू, फार तर एखादं लुगडं घेऊन परते. माप व्यापाऱ्याचं, भाव व्यापाऱ्याचा, उधारीची वहीही त्याचीच. मार्च-एप्रिलमध्ये मातीमोलाने घेतलेली फुलं तोच व्यापारी जुलै-ऑगस्टात, घरातलं धान्य संपलेलं असताना, तिलाच परत दामदुपटीने विकी. आपणच वेचलेलं फूल आपण विकत घ्यायचं.

हे तोडायला सहकाराचं खातं आलं. 1956 मध्ये विशाखापट्टणमला ‘आंध्र अनुसूचित जमाती सहकारी वित्त व विकास महामंडळ’ या लांबलचक नावाची संस्था स्थापन झाली. पुढे तिचंच नाव गिरिजन सहकारी महामंडळ झालं. लोक इंग्रजी आद्याक्षरांनी ‘जीसीसी’ म्हणतात. तिचं कार्यक्षेत्र आधी पूर्व किनाऱ्यालगतचे डोंगर, मग हळूहळू तेलंगणातला आदिवासी पट्टाही त्यात आला. कल्पना सोपी होती आणि आजही चांगलीच वाटते. गावाजवळ डेपो असावा. तिथे रानमाल ठरलेल्या भावाने रोख घेतला जावा आणि त्याच डेपोत मीठ, तेल, तांदूळ, साबण वाजवी दराने मिळावं. माल आणि किराणा एकाच छपराखाली आले की सावकाराची वही आपोआप पातळ होईल, असा हिशेब. जमा झालेला माल महामंडळ लिलावाने किंवा निविदांनी मोठ्या व्यापाऱ्यांना विकत असे.

त्याच 1956 मध्ये आणखी एक गोष्ट घडली, जी संस्थेच्या कागदपत्रांत दिसत नाही पण मराठी वाचकाने लक्षात ठेवावी. राज्य पुनर्रचनेत आदिलाबाद जिल्ह्यातून किनवट आणि राजुरा निघून मराठी मुलखात गेले. इकडचे गोंड आणि तिकडचे गोंड सोयरेच राहिले, मराठीही दोन्हीकडे बोलली जात राहिली. पण मोहफुलाला मात्र दोन कायदे लागू झाले. किनवटकडे 1949 चा मुंबई दारूबंदी कायदा, ज्यात मोहफुलाची वाहतूक आणि साठवण परवान्याने बांधलेली. उटनूरकडे हैदराबादचा आणि नंतर आंध्रचा आबकारी कायदा. सीमेवरच्या गावात बांधावरचं झाड एका राज्यात आणि त्याची गळालेली फुलं दुसऱ्या राज्यात, असं होण्याला वाऱ्याची एक झुळूक पुरे. महाराष्ट्राने मोहफुलांच्या संकलन-वाहतुकीवरची बंधनं सैल केली ती थेट 2021 मध्ये.

1979 च्या विनियमाने अनुसूचित क्षेत्रातल्या गौण वनोपजाच्या व्यापाराची मक्तेदारी महामंडळाला मिळाली. हेतू खाजगी व्यापाऱ्याला दूर ठेवण्याचा. प्रत्यक्षात मक्तेदारी ही दुधारी सुरी ठरली, आणि स्मरणिकेत हे लिहिलंच पाहिजे. एकच खरीदार असला की त्याने ठरवलेला भाव हाच भाव. डेपोत पैसे वेळेवर आले नाहीत तर बाई दुसरीकडे जाऊ शकत नाही, आणि गेली तर तिचा मालच बेकायदा. मोहफुलाच्या बाबतीत हा पेच दुहेरी होता. महामंडळ ते वनोपज म्हणून घेई, आबकारी खातं त्याच पोत्याकडे दारूचा कच्चा माल म्हणून पाही. एका खिडकीवर पावती मिळणारी वस्तू दुसऱ्या खिडकीवर गुन्हा ठरू शकत होती.

20 एप्रिल 1981. सोमवार, इंद्रवेल्लीचा बाजारदिवस. जमीन आणि सावकारी यांच्या प्रश्नांवर गोंडांचा मेळावा ठरला होता. परवानगी नाकारली गेली, लोक तरी आले, पोलिसांनी गोळीबार केला. सरकारी आकडा 13 मृतांचा. गावात सांगितला जाणारा आकडा त्याहून कितीतरी मोठा. महामंडळाचा या घटनेशी थेट संबंध नाही. पण सहकारी डेपो उघडून जे प्रश्न सुटतील असं पंचवीस वर्षांपूर्वी वाटलं होतं ते सुटलेले नव्हते, हे त्या दिवशी सगळ्यांना दिसलं, आणि इथल्या कोणत्याही संस्थेचा इतिहास इंद्रवेल्लीच्या हुतात्मा स्तूपाला वळसा घालून लिहिता येत नाही.

पुढची दहा-पंधरा वर्षं दारूच्या राजकारणाची. नेल्लूरच्या बायकांनी पेटवलेल्या आंदोलनाने 1993 मध्ये आंध्रात अरक बंद झाली, 1995 मध्ये संपूर्ण दारूबंदी आली, 1997 मध्ये उठली. त्या काळात आणि नंतरही मोहाची दारू आणि गुडुंबा यांना एकाच मापाने मोजलं गेलं. हे मला नेहमीच चुकीचं वाटत आलं आहे. गुडुंबा म्हणजे काळा गूळ, तुरटी आणि आणखी नको ते घालून घाईने गाळलेली, विक्रीसाठीच जन्मलेली वस्तू. मोहाची धार हंगामाला, विधीला, घराला बांधलेली. दोन्हींनी माणूस बुडतो हे मान्य. डुकराची गोष्ट गोंडांनीच सांगितली आहे. पण औषध आणि विष यांच्यात मात्रेचा फरक असतो, तसा इथे मालकीचाही होता.

मालकीचा प्रश्न कायद्याने पहिल्यांदा सरळ सोडवला तो 1996 च्या पेसा कायद्याने. त्याच्या एकाच कलमात पाठोपाठ दोन गोष्टी आहेत: मादक पदार्थांवर बंदी घालण्याचा किंवा त्यांचं नियमन करण्याचा अधिकार ग्रामसभेचा, आणि गौण वनोपजाची मालकीही तिचीच. कायदा लिहिणाऱ्यांच्या मनात मोहाचं झाड होतं की नाही माहीत नाही, पण त्या झाडाला इतकं चपखल बसणारं कलम दुसरं नाही. 2006 च्या वनहक्क कायद्याने वेचणाऱ्याची मालकी आणखी पक्की केली. महामंडळाची भूमिका त्यामुळे कागदावर तरी उलटली. आधी ते सरकारच्या मालाचं खरीदार होतं, आता ते मालकिणीच्या दारी आलेलं गिऱ्हाईक आहे. हा बदल डेपोतल्या काट्यापर्यंत किती पोचला, ते गावोगाव वेगळं आहे. तेलंगण राज्य 2014 मध्ये झाल्यावर महामंडळाची वाटणी झाली आणि इकडचं मुख्यालय हैदराबादला आलं. 2016 मध्ये जुन्या आदिलाबादचे चार जिल्हे झाले, तरी एकात्मिक आदिवासी विकास संस्था, म्हणजे उटनूरचं आयटीडीए, चारही जिल्ह्यांसाठी एकच राहिलं. म्हणून आजही आसिफाबादच्या डोंगरातला माणूस कामासाठी उटनूरची बस धरतो.

चौथं खातं पोषणाचं, आणि या इतिहासातलं मला सर्वांत आवडणारं. पाटणचेरूच्या इक्रिसॅटच्या मदतीने तेलंगणाच्या आदिवासी कल्याण खात्याने गिरिपोषण योजना आखली आणि आदिवासी बायकांनी चालवायची खाद्यप्रक्रिया केंद्रं निघाली. उटनूरला आदिवासी महिलांच्या सहकारी संस्थेने मोहफुलांचे लाडू बनवायला घेतले. निवडून, धुऊन, भाजलेली फुलं, शेंगदाणे, तीळ, गूळ. वसतिगृहातल्या मुलींमधला रक्तक्षय हा त्यामागचा सरकारी विचार. 30 मार्च 2025 च्या ‘मन की बात’मध्ये आदिलाबाद जिल्ह्यातल्या दोन बहिणींच्या मोहफुलांच्या पदार्थांचा उल्लेख झाला आणि मग हैदराबादच्या वर्तमानपत्रांना उटनूरचा रस्ता सापडला. लाडू नवा म्हणून गाजला. खरं तर भाजलेली मोहफुलं तिळाबरोबर कुटून खाणं या भागातल्या आज्यांना नवं नव्हतंच. नवी होती ती पिशवी, वजन आणि मुदतीची तारीख. सव्वाशे वर्षं तीन खाती ज्या फुलात फक्त दारू, दंड आणि टनेज पाहत होती, त्यात खाणं आहे हे त्यांना बायकांनी दाखवून द्यावं लागलं.

आता अडचण झाडांची आहे. फुलं वेचायला सोपं जावं म्हणून झाडाखालचा पाचोळा जाळण्याची रीत आहे आणि त्या जाळात मोहाची रोपटीही जातात. बिया, म्हणजे टोळ्या, तेलासाठी आधीच उचलल्या जातात. परिणामी बांधांवर आज्यापणज्यांच्या वयाची झाडं आहेत, नातवंडांच्या वयाची फार थोडी. छत्तीसगडात झाडाखाली जाळी बांधून फूल मातीला न लागू देता गोळा करण्याची पद्धत रुजते आहे. त्याने आगीची गरज उरत नाही आणि खाण्याजोग्या फुलाला भावही जास्त मिळतो. 2021 मध्ये तिथलं वाळलेलं मोहफूल फ्रान्सला गेलं. उटनूरच्या लाडूलाही मातीविरहित फूलच हवं असतं, म्हणजे जाळ्यांचा खर्च करायला इथे कारण तयार आहे. महामंडळाने डेपोतून मीठ-तेलाबरोबर जाळ्या आणि रोपं द्यावीत, ही सूचना मी या पानावर नोंदवून ठेवतो. मोहाला पहिलं फूल यायला दहाएक वर्षं लागतात आणि झाड भरात यायला त्याहून पुष्कळ जास्त. महामंडळाची शंभरी 2056 मध्ये येईल. त्या वर्षी काट्यावर जी फुलं चढायची आहेत त्यांची झाडं येत्या एक-दोन पावसाळ्यांत लावावी लागतील.